सिएटलमधली जपानी रेस्टॉरंट-बार: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

सिएटल, बेलव्ह्यू, रेडमंड या पट्ट्यात मराठी घरं भरपूर आहेत. भारतातून कुणी आलं, ऑफिसातली टीम जेवायला निघाली किंवा शनिवारी रात्री बाहेर पडायचं ठरलं, की कधी ना कधी जपानी ठिकाणाचं नाव निघतंच. त्या वेळी नेहमी येणाऱ्या प्रश्नांची ही उत्तरं आहेत. मेन्यू आणि किमती सतत बदलतात, म्हणून त्या इथे दिलेल्या नाहीत.

इझाकाया म्हणजे काय? सुशीच्या रेस्टॉरंटपेक्षा ते वेगळं कसं?

इझाकाया ही बसून पिण्याची आणि पिता पिता खाण्याची जागा. बशा छोट्या असतात, त्या टेबलाच्या मधोमध ठेवल्या जातात आणि सगळे मिळून खातात. सुशीच्या रेस्टॉरंटमध्ये मासा आणि भात हाच मुख्य कारभार. इझाकायात सुशी असेल किंवा नसेलही, पण कोळशावर भाजलेल्या कोंबडीच्या काड्या (याकितोरी), तळण, लोणची, टोफू, शिजवलेल्या भाज्या आणि शेवटी भात किंवा नूडल्स असा पसारा असतो. सिएटलमध्ये अनेक ठिकाणी एकाच छताखाली दोन्ही चालतं: एका बाजूला सुशी काउंटर, दुसऱ्या बाजूला बार, मध्ये टेबलं.

ऑर्डर एकदम द्यायची की थोडी थोडी?

थोडी थोडी. आपल्याकडच्या सवयीने सुरुवातीलाच पंधरा पदार्थ सांगितले, तर स्वयंपाकघर जे आधी तयार होईल ते आधी पाठवतं. टेबल लहान असतं, बशा मावत नाहीत, आणि टेम्पुरा, म्हणजे पातळ पिठात बुडवून तळलेला पदार्थ, पाच-सात मिनिटांत मऊ पडतो. मग जेवण महाग पडूनही बेचव लागतं.

चार जणांसाठी साधारण असं बसवा. पहिल्या फेरीत पेयं, एदामामे (उकडलेल्या सोयाबीनच्या शेंगा) आणि एखादं लोणचं किंवा थंड टोफू. त्याच वेळी भाजलेल्या काड्यांची ऑर्डर देऊन टाका, कारण गर्दीच्या वेळी ग्रिलवरून यायला वीस मिनिटं सहज लागतात. दुसऱ्या फेरीत कच्चा मासा, म्हणजे साशिमी. तिसऱ्या फेरीत तळलेलं, एका वेळी एकच. भात, उदोन (जाड नूडल्स) किंवा ओचाझुके (चहा ओतलेला भात) अगदी शेवटी. दोघांना चार-पाच बशा आणि एक भात पुरतो. काड्या बहुतेक ठिकाणी जोडीने येतात, काही ठिकाणी एकेक. हे आधी विचारून घ्या, नाहीतर चार जणांत दोन काड्या येतात.

आम्ही पूर्ण शाकाहारी आहोत. जाऊन उपयोग आहे का?

आहे, पण मेन्यूवरचं हिरवं पान पाहून निर्धास्त होऊ नका. अडचण मांसाची नसते, ते दिसतं. अडचण दाशीची असते, आणि ती दिसत नाही.

दाशी हे जपानी स्वयंपाकाचं पायाचं पाणी. साधारण एक लिटर पाण्यात दहा ग्रॅम कोम्बू, म्हणजे वाळवलेलं समुद्री शेवाळ, भिजवून मंद आचेवर तापवतात. उकळी फुटायच्या आत कोम्बू काढून घेतात, कारण उकळला तर पाणी बुळबुळीत आणि कडवट होतं. मग त्यात वीसेक ग्रॅम कात्सुओबुशी, म्हणजे धुरवून वाळवलेल्या बोनिटो माशाचे पापुद्रे, टाकून एक-दोन मिनिटांत गाळून घेतात. हे सोनेरी पाणी मग सगळीकडे जातं. मिसोच्या, म्हणजे आंबवलेल्या सोयाबीनच्या पेस्टच्या सूपमध्ये ते असतंच. आगेदाशी टोफूच्या रसात, टेम्पुराबरोबरच्या सॉसमध्ये, उदोन-सोबाच्या पाण्यात, अंड्याच्या गोडसर ऑम्लेटमध्ये, पालकाच्या थंड कोशिंबिरीत, इनारीच्या टोफूच्या पिशवीत आणि अनेकदा वांग्यावरच्या गोड मिसोतही असतं. ‘भाजी’ म्हणून मागवलेल्या पदार्थात मासा येतो तो या वाटेने.

सकाळी करून ठेवलेली दाशी संध्याकाळी एका बशीतून वगळता येत नाही. म्हणून ‘यातून मासा काढून द्या’ या विनंतीला बहुतेक वेळा नकारच येतो, आणि तो प्रामाणिक नकार असतो. कोम्बू आणि वाळलेल्या शिताके मशरूमची शाकाहारी दाशी काही स्वयंपाकघरं वेगळी ठेवतात. आरक्षण करताना फोनवर विचारलंत तर नेमकं कळतं. शुक्रवारी रात्री आठ वाजता टेबलावर बसून विचारलं, तर वाढणाऱ्याला आत जाऊन विचारायलाही सवड नसते.

‘व्हेजिटेरियन’ एवढाच शब्द पुरत नाही. अमेरिकेत बरेच लोक मासे खाऊनही स्वतःला तसं म्हणवतात. ‘नो मीट, नो फिश, नो बोनिटो, नो दाशी’ असं स्पष्ट सांगा. अंडं चालत नसेल तर तेही सांगा, कारण टेम्पुराच्या पिठात ते असू शकतं.

बिनधास्त मागवण्यासारखं: मीठ लावलेले एदामामे, काकडीचा रोल, अव्होकाडोचा रोल, लोणच्याच्या मुळ्याचा रोल, साधा भात, ग्रिलवर मीठ लावून भाजलेली शिशितो मिरची, शिताके आणि मका. थंड टोफू आणि शिशितोवर वरून बोनिटोचे पापुद्रे भुरभुरायची पद्धत आहे, तेवढे नको म्हणा. टेम्पुरा भाज्यांचा असला तरी कोळंबी त्याच तेलात तळली जाते. ते चालत नसेल तर टेम्पुरा सोडून द्या, कारण वेगळी कढई क्वचितच असते. सुशीच्या भाताचा मसाला साधारणपणे व्हिनेगर, साखर आणि मीठ एवढाच असतो.

कांदा-लसूणही वर्ज्य असेल तर पर्याय खूप आटतात. अशा वेळी काकडी आणि अव्होकाडोचे रोल, भात, आणि पातीचा कांदा वगळून थंड टोफू, एवढ्यावर संध्याकाळ काढावी लागते. ज्येष्ठांना घेऊन जाणार असाल तर हे आधी माहीत असलेलं बरं.

मांस खातो, पण बीफ आणि पोर्क नको. कशावर लक्ष ठेवायचं?

याकितोरी म्हणजे कोंबडी, तिथे फारसा प्रश्न नाही. मोमो म्हणजे मांडी, नेगिमा म्हणजे मांडी आणि पातीचा कांदा, त्सुकुने म्हणजे खिम्याचे गोळे, कावा म्हणजे कातडी, हात्सु म्हणजे काळीज नव्हे तर हृदय, सुनागिमो म्हणजे पोटा (गिझर्ड). मात्र त्याच ग्रिलवर पोर्क बेली आणि बीफच्या काड्याही भाजल्या जातात. ग्योझामध्ये, म्हणजे जपानी डंपलिंगमध्ये, बहुधा पोर्क असतं, कोंबडीचे वेगळे लिहिलेले असतात. टोनकोत्सु रामेन म्हणजे डुकराच्या हाडांचं पाणी, आणि वरून कोंबडी मागितली तरी पाणी तेच राहतं. जपानी करीच्या तयार वड्यांत बीफची चरबी किंवा अर्क असू शकतो, म्हणून भाज्यांची करी असली तरी विचारा.

ॲलर्जी असेल तर?

सोया सॉसमध्ये गहू असतो, हे अनेकांच्या लक्षात येत नाही. ग्लुटेन चालत नसेल तर तामारी, म्हणजे गव्हाशिवायचा सोया सॉस मागा, पण आधीच मुरवलेल्या किंवा सॉस लावून भाजलेल्या पदार्थात ती बदलता येत नाही. काड्या तेव्हा ‘शिओ’, म्हणजे फक्त मीठ लावून घ्या, ‘तारे’ सॉसच्या नकोत. सोबा नूडल्स बकव्हीटच्या असल्या तरी बहुतेकांत गहू मिसळलेला असतो. नकली खेकडा माशाचा असतो आणि त्यात गहू, अंडं दोन्ही येऊ शकतं. तीळ तर जवळपास सगळीकडे आहेत. ॲलर्जी जिवावर बेतणारी असेल, तर अरुंद स्वयंपाकघर आणि एकच तळणी असलेली जागा टाळणं शहाणपणाचं.

कच्चा मासा खाणं सुरक्षित आहे का?

नियम पाळणाऱ्या ठिकाणी निरोगी माणसासाठी धोका कमी आहे, आणि त्याचं कारण गोठवणं हे आहे. कच्चा खायचा मासा जंतांसाठी उणे 20 अंश सेल्सिअसवर 7 दिवस, किंवा उणे 35 अंशांवर घट्ट गोठवून 15 तास ठेवावा, असा अमेरिकेच्या अन्न नियमावलीचा दंडक आहे. ट्यूनाच्या ठरावीक जाती आणि ठरावीक खाद्यावर मत्स्यशेतीत वाढवलेला मासा यांना सूट आहे. ‘आमचा मासा कधी गोठवलेलाच नाही’ ही जाहिरात म्हणूनच सगळ्याच माशांच्या बाबतीत कौतुकाची नाही.

सिएटलमध्ये हा मुद्दा जास्त महत्त्वाचा, कारण इथे रानटी सामन मुबलक. अलास्काच्या कॉपर नदीचा सामन मे महिन्याच्या मध्यावर येतो आणि बाजारात धांदल उडते. रानटी सामनमध्ये जंत सापडतात. बाजारातून ताजा तुकडा आणून घरी कच्चा खाऊ नका. घरच्या फ्रीझरला ते तापमान नीट गाठता येत नाही. गोठवल्याने जंत मरतात, जिवाणू नाही. गरोदर स्त्रिया, लहान मुलं, वयस्कर आणि प्रतिकारशक्ती कमी असलेली माणसं यांनी शिजवलेलंच घ्यावं. मेन्यूवर पदार्थापुढे फुली आणि खाली बारीक अक्षरात सूचना असते, ती याचसाठी.

सिएटलमध्येच खावं असं काय आहे?

ब्लॅक कॉड, ज्याला जपानी मेन्यूवर गिनदारा म्हणतात. उत्तर पॅसिफिकमधला हा मासा इतका तेलकट आहे की मुरवणं तो आत घेतो आणि भाजला तरी कोरडा पडत नाही. इथल्या जपानी ठिकाणी तो मिसोमध्ये किंवा कासुझुके पद्धतीने, म्हणजे साके (तांदळाची दारू) गाळून उरलेल्या चोथ्यात मुरवून मिळतो. दोन्ही असतील तर आधी कासुझुके घ्या.

घरी करायचा असेल तर चार तुकड्यांना मीठ लावून अर्धा तास ठेवा, सुटलेलं पाणी टिपून घ्या. 200 ग्रॅम पांढरा मिसो, प्रत्येकी 60 मिली मिरिन (स्वयंपाकाची गोड तांदळाची दारू) आणि साके, दोन-तीन चमचे साखर एकत्र करून तुकडे त्यात दोन दिवस फ्रिजमध्ये मुरवा. ब्रॉयलरखाली दहा-बारा मिनिटं लागतात. बिघडतं ते एकाच ठिकाणी: मिसो नीट पुसला नाही तर त्यातली साखर मासा शिजायच्या आधी काळी पडते. बोटाने निपटून घ्या, मग भाजा. या माशाचे काटे वाकडे आणि घट्ट बसलेले असतात, कच्चे असताना निघत नाहीत. भाजल्यावर सहज सुटतात. मुलांना देताना तुकडा उकलून पाहा.

दुसरी इथली खासियत जिओडक, उच्चार ‘गुईडक’. प्युजेट साउंडच्या वाळूत खोल राहणारा हा मोठा शिंपला. त्याची लांब नळी काही सेकंद उकळत्या पाण्यात बुडवून कातडी सोलतात आणि पातळ चकत्या करतात. चव गोडसर, चावायला कुरकुरीत. तिसरी वॉशिंग्टन किनाऱ्यावरची अल्बाकोर ट्यूना: फिकट, मऊ, लाल ट्यूनापेक्षा स्वस्त. वसंतात स्थानिक स्पॉट प्रॉन्स दिसल्या तर सोडू नका, आणि त्यांची तळलेली डोकी आठवणीने मागा.

साके कोणती मागवायची? यादी वाचून काही कळत नाही.

तीन गोष्टी पाहिल्या की पुरे. पहिली, तांदूळ किती घासलाय. गिंजोमध्ये दाण्याचा 60 टक्के किंवा त्याहून कमी भाग उरलेला असतो, दाईगिंजोमध्ये 50 टक्के किंवा कमी. जितका जास्त घासलेला, तितका फळाफुलांचा सुगंध आणि तितकी किंमत. दुसरी, ‘जुनमाई’ हा शब्द: त्यात वरून अल्कोहोल घातलेलं नसतं. तिसरी, थंड की गरम.

भाजलेल्या काड्या आणि तळणाबरोबर साधी जुनमाई उत्तम. दाईगिंजो महाग आहे म्हणून ती सगळ्यांबरोबर चांगली लागते असं नाही. तिचा सुगंध तारे सॉसपुढे हरवतो आणि पैसे वाया जातात. ती साशिमीबरोबर, थंड प्या. निगोरी म्हणजे दुधाळ, गोडसर, जाडसर गाळलेली. पहिल्यांदा पिणाऱ्यांना ती आवडते आणि तिखट पदार्थांबरोबर जुळते.

गरम साके हलक्या प्रतीची असते, हा गैरसमज आहे. अनेक जुनमाई 40 ते 50 अंशांवर खुलतात. गरम करायची ती बाटलीसकट गरम पाण्यात ठेवून. मायक्रोवेव्हमध्ये वरचा भाग तापतो, खालचा थंड राहतो. खूप तापवली तर नुसता अल्कोहोलचा वास नाकात जातो. सुगंधी गिंजो मात्र तापवू नका.

साके साधारण 15-16 टक्के तीव्रतेची, म्हणजे वाईनपेक्षा थोडी वरचढ, आणि पाणी न मिसळलेली गेन्शु त्याहून कडक. एक ‘गो’ म्हणजे 180 मिली, दोघांना सुरुवातीला तेवढी बस. कप छोटा असतो आणि शेजारचा भरत राहतो, त्यामुळे किती झाली हे कळत नाही. प्रत्येक फेरीला पाण्याचा ग्लास घ्या.

शोचु ही वेगळी गोष्ट: ऊर्ध्वपातित, बहुधा 25 टक्के, रताळ्याची, बार्लीची किंवा तांदळाची. गरम पाण्यातून घ्यायची तर आधी पाणी, मग शोचु. हायबॉलमध्ये एक भाग व्हिस्कीला तीन ते चार भाग थंडगार सोडा, बर्फ काठोकाठ. सगळ्या ठिकाणी व्हिस्की असतेच असं नाही. फक्त बिअर-वाईनचा परवाना असलेल्या जागी बिअर आणि साकेवर भागवावं लागतं.

दारू न पिणाऱ्यांनी काय घ्यावं?

गेनमाइचा (भाजलेला तांदूळ घातलेला हिरवा चहा), मुगिचा (बार्लीचा थंड चहा), युझु या जपानी लिंबाचा सोडा, काल्पिको (दुधाळ गोड पेय), रामुने (गोटीची सोडा बाटली). स्वयंपाकात साके आणि मिरिन सर्रास वापरतात. धार्मिक कारणाने अल्कोहोल पूर्ण वर्ज्य असेल तर गोडसर चकाकी असलेले सॉस टाळा.

ओळखपत्र काय लागतं? भारताचा ड्रायव्हिंग लायसन्स चालतो का?

नाही, आधार कार्डही नाही. दारू घ्यायला वय 21 पूर्ण हवं, आणि भारतातून आलेल्या पाहुण्यांनी मूळ पासपोर्ट जवळ ठेवावा. फोनमधला फोटो चालत नाही, मुदत संपलेला पासपोर्टही नाही. केस पांढरे असले तरी विचारतात, त्यात अपमान नाही. तो परवान्याचा प्रश्न असतो. रात्री 2 नंतर दारू मिळत नाही.

मुलांना नेता येतं का?

टेबलांच्या भागात बहुतेक ठिकाणी येतं. बारचा वेगळा भाग असेल तर तिथे 21 खालच्यांना बसता येत नाही, आई-वडील सोबत असले तरी. मुलं असतील तर लवकर, साडेपाच-सहाला जा. ग्रिलचा धूर आणि आवाज दोन्ही आठनंतर वाढतात.

सुशी काउंटरवर बसल्यावर काय पाळायचं?

निगिरी, म्हणजे भाताच्या गोळीवर ठेवलेला माशाचा तुकडा, हाताने खाल्ली तरी चालते. उलटी करून मासा सोया सॉसला टेकवा, भात बुडवला तर तो सुटून वाटीत पडतो. शेफने आधीच सॉस लावून दिला असेल तर अजिबात बुडवू नका. आलं दोन तुकड्यांच्या मध्ये खायचं, वर ठेवून नाही. समोर ठेवलेला तुकडा लगेच खा, फोटो एकच काढा: भात अंगाच्या उबेचा असतो आणि तसाच तो चांगला लागतो. उग्र अत्तर लावून जाऊ नका. चॉपस्टिक्स भातात उभ्या खोचू नका आणि चॉपस्टिकवरून चॉपस्टिकवर घास देऊ नका, दोन्ही जपानी अंत्यविधीतल्या कृती आहेत.

ओमाकासे म्हणजे शेफ देईल ते. काय चालत नाही हे आरक्षणाच्या वेळी सांगायचं, बसल्यावर नाही. वीस मिनिटं उशिरा पोहोचलात तर पहिले तुकडे गेलेले असतात.

आरक्षण आणि तातामीची खोली?

शुक्रवार-शनिवारसाठी आठवडाभर आधी, सहाहून अधिक माणसं असतील तर त्याहून आधी. ओमाकासेला कार्ड घेतात आणि ऐनवेळी रद्द केलं तर पैसे कापतात. अट वाचून घ्या. तातामीच्या, म्हणजे जाड गवती चटया अंथरलेल्या खोलीत बूट बाहेर काढावे लागतात, तेव्हा मोजे धड घाला. गुडघे दुखणाऱ्यांसाठी टेबलाखाली पाय सोडायला खड्डा आहे का, ते फोनवर विचारा.

टिप किती?

कर लागण्याआधीच्या रकमेवर 18 ते 20 टक्के. पण आधी बिल नीट वाचा. सिएटलमध्ये बरीच रेस्टॉरंटं स्वतःच सेवा शुल्क लावतात, आणि त्यातला किती वाटा वाढणाऱ्यांना जातो हे मेन्यूवर आणि बिलावर छापणं वॉशिंग्टन राज्याच्या कायद्याने बंधनकारक आहे. पूर्ण वाटा जात असेल तर वर टिप द्यायची गरज नाही. काउंटरवर बसलात तर शेफला वेगळी टिप द्यायची का, ते विचारायला हरकत नाही. बहुतेक ठिकाणी ती वाटून घेतली जाते.

शहरात जपानी जेवणाची एवढी जुनी मुळं कशी?

विसाव्या शतकाच्या सुरुवातीला मेन स्ट्रीटच्या आसपास निहोनमाची ही भरभराटीची जपानी वस्ती होती. तिथलं मानेकी हे रेस्टॉरंट 1904 मध्ये सुरू झालं. पुढे जपानचे पंतप्रधान झालेले ताकेओ मिकी विद्यार्थिदशेत तिथे भांडी घासायचे. 19 फेब्रुवारी 1942 च्या आदेशानंतर पश्चिम किनाऱ्यावरच्या जपानी वंशाच्या लोकांना घरं-दुकानं सोडून छावण्यांत जावं लागलं. सिएटलच्या कुटुंबांना आधी पुयालपच्या जत्रेच्या मैदानात आणि मग बहुतेकांना आयडाहोतल्या मिनिडोकाला ठेवलं. मानेकीची इमारत त्या काळात लुटली गेली. युद्धानंतर ते जवळच लहान जागेत पुन्हा उघडलं, आणि 2008 मध्ये त्याला जेम्स बिअर्ड फाउंडेशनचा ‘अमेरिकाज क्लासिक्स’ सन्मान मिळाला. 1966 मध्ये सिएटलला आलेले शेफ शिरो काशिबा यांनी शहराला सुशी काउंटरची सवय लावली.

जेवणाआधी तासभर असेल तर 1910 सालचं पनामा हॉटेल पाहा. छावणीत जाताना कुटुंबांनी तळघरात ठेवलेल्या ट्रंका तिथे अजून आहेत, कारण अनेक जण त्या न्यायला परतलेच नाहीत. लाइट रेलचं इंटरनॅशनल डिस्ट्रिक्ट स्टेशन इथून चालत अंतरावर आहे. साके प्यायची असेल तर गाडी घरीच ठेवा.

उरलेलं घरी नेता येतं का?

भाजलेलं, शिजवलेलं, तळलेलं खुशाल न्या. काड्या दुसऱ्या दिवशी ओव्हनमध्ये 180 अंशांवर आठेक मिनिटं ठेवल्या की परत चांगल्या होतात, मायक्रोवेव्हमध्ये चामट होतात. कच्च्या माशाची सुशी नेऊ नका: दोन तासांवर बाहेर राहिली तर ती टाकून द्यायची असते, आणि फ्रिजमध्ये ठेवली तर भात खडकासारखा होतो. म्हणून शेवटचा रोल मागवण्याआधी टेबलावर भूक कुणाकुणाला उरली आहे ते विचारून घ्या.